परवान्याचा अर्ज पडून आहे? हायकोर्टात जाण्याआधी आणि गेल्यावर

अर्ज नाकारला तर हातात कागद तरी येतो. त्यावर तारीख असते, कारण असते, सही असते आणि अपील कुठे करायचे हेही बहुधा ठरलेले असते. अर्ज नुसताच पडून राहिला तर यातले काहीच नसते. ‘साहेब मीटिंगला गेलेत’, ‘फाईल वर पाठवलीय’, ‘सोमवारी या’ या उत्तरांवर अपील होत नाही. तोवर गाळ्याचे भाडे चालू, बँकेचा हप्ता चालू. तासगावच्या बेदाण्याचा हंगाम फेब्रुवारी ते एप्रिल, कराडकडची गुऱ्हाळे दिवाळीच्या आगेमागे पेटतात, कोरेगावच्या कृषी सेवा केंद्राला बियाणे, खते आणि कीटकनाशकांचे परवाने जूनच्या पेरणीआधी लागतात. हंगाम उलटल्यावर मिळालेला परवाना त्या वर्षापुरता भिंतीवर लावायच्या कामाचा.

निर्णयच न देणे याविरुद्धही कोर्टात दाद मागता येते. मात्र कोर्ट काय देते आणि काय देत नाही, हे आधी नीट समजून घ्यायला हवे. याबाबत गैरसमज करून घेऊन हायकोर्टात गेलेल्या माणसाचा पैसा आणि हंगाम दोन्ही जातात.

‘निर्णय द्या’ आणि ‘परवाना द्या’

संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली हायकोर्ट सरकारी अधिकाऱ्याला त्याचे कायदेशीर कर्तव्य पार पाडायला सांगू शकते. या आदेशाला संविधानाच्या मराठी प्रतीत ‘महादेश’ म्हटले आहे, वकील मंडळी मँडॅमस म्हणतात. धंदा करण्याचा हक्क अनुच्छेद 19(1)(छ) मधून येतो. (इंग्रजी प्रतीत हेच उपखंड ‘जी’ अक्षराचे आहे, त्यामुळे वकिलाच्या मसुद्यात ते तसे दिसेल.) सरकार त्यावर वाजवी निर्बंध घालू शकते आणि परवाना हा त्यातलाच एक निर्बंध. पण परवान्याची अट घालून अर्जाकडे बघायचेच नाही, हे वाजवी निर्बंधात बसत नाही.

अर्जावर निर्णय घेणे अधिकाऱ्याला बंधनकारक आहे. होकार द्यायचा की नकार, हा मात्र त्याच्या विवेकाचा भाग आहे. कोर्ट पहिली गोष्ट करायला लावते, दुसरीत सहसा हात घालत नाही. सुप्रीम कोर्टाने 1997 साली मनसुखलाल विठ्ठलदास चौहान खटल्यात हेच बजावले: कोर्टाने ‘मंजुरी द्याच’ असे सांगितले की अधिकाऱ्याचा विवेकच संपतो. याला अपवाद आहे. 1986 च्या जगन्नाथन खटल्यात सुप्रीम कोर्टाने म्हटले की योग्य प्रकरणात, न्याय होण्यासाठी, अधिकाऱ्याने जो आदेश द्यायला हवा होता तो कोर्ट स्वतःही देऊ शकते. पण हा अपवाद मिळवणे अवघड. सर्व अटी पूर्ण, तपासणी झालेली, शेरा अनुकूल आणि तरीही सही नाही, इतके स्पष्ट चित्र असेल तरच त्यावर जोर द्या.

1951 सालचा एक निकाल या विषयात आजही रोज कामी येतो. मुंबईच्या पोलीस आयुक्तांनी अंधेरीत चित्रपटगृह बांधायला परवानगी दिली होती. नंतर ‘शासनाच्या निर्देशानुसार कळवतो की परवानगी रद्द’ अशा अर्थाचे पत्र त्यांनी अर्जदाराला, गोरधनदास भानजींना, पाठवले. सुप्रीम कोर्टाने हा आयुक्तांचा आदेश मानलाच नाही. अधिकार ज्याला दिला त्याने स्वतः विचार करून निर्णय घ्यायचा, दुसऱ्याचा निरोप पोचवायचा नाही. तेव्हा ‘वरून तोंडी सूचना आहे, सध्या थांबा’ असे कोणी सांगितले तर त्याच दिवशी ते पत्रात लिहून आवक करा, म्हणजे कार्यालयात देऊन तुमच्या प्रतीवर पोच घ्या: ‘आज आपल्या कार्यालयात असे सांगण्यात आले.’ हे पत्र पुढे याचिकेचा कणा ठरू शकते.

मुदत कोणत्या कायद्यात आहे, ते आधी शोधा

‘फार उशीर झाला’ हे कोर्टासमोर पुरत नाही. ‘अमुक कलमानुसार 60 दिवस होते, ते अमुक तारखेला संपले’ हे पुरते.

खाद्यपदार्थांचा धंदा असेल तर अन्न सुरक्षा व मानके कायदा, 2006 चे कलम 31 वाचा. अर्ज केल्यापासून दोन महिन्यांत परवाना दिला नाही आणि अर्ज नाकारलाही नाही, तर मुदत संपल्यावर अर्जदार धंदा सुरू करू शकतो, असे त्यात स्पष्ट लिहिले आहे. त्यानंतर पदनिर्देशित अधिकारी, म्हणजे परवाना देण्यासाठी नेमलेला अधिकारी, परवाना नाकारू शकत नाही, फार तर उणिवा दूर करायला सांगणारी सुधारणा नोटीस काढू शकतो. 2011 च्या परवाना विनियमांत याचा तपशील आहे: अर्जात काही कमी असेल तर 15 दिवसांत कळवायचे, अर्जदाराने 30 दिवसांत पूर्तता करायची, नाहीतर अर्ज फेटाळला गेला असे समजायचे. 1 डिसेंबरला पूर्ण अर्ज भरला तर त्रुटीचे पत्र 16 डिसेंबरपर्यंत यायला हवे आणि 60 दिवस 30 जानेवारीला भरतात. बेदाणा पॅकिंगवाल्याने डिसेंबरच्या सुरुवातीला अर्ज का करावा, ते यावरून कळते.

इथे एक मेख आहे. धंदा सुरू करता येतो, पण परवान्याचा 14 आकडी क्रमांक मिळत नाही आणि पाकिटावर तो छापावाच लागतो. बँकही कर्जाचा पुढचा हप्ता सोडताना तोच मागते. म्हणजे गुळाची ढेप सुटी विकणाऱ्याचे भागेल, पाऊच भरणाऱ्याचे नाही. त्याला कायद्याने परवानगी मिळालेली असूनही प्रत्यक्ष कागदासाठी भांडावे लागते.

मुदत संपल्यावर परवानगी मिळाली असे समजण्याला ‘मानीव परवानगी’ म्हणतात. ती सगळ्याच कायद्यांत नसते. पाणी प्रदूषण कायदा, 1974 च्या कलम 25(7) प्रमाणे, सर्व बाबींनी पूर्ण अर्ज केल्यापासून चार महिन्यांत प्रदूषण नियंत्रण मंडळाने संमती दिली वा नाकारली नाही, तर ती विनाअट मिळाली असे मानले जाते. हवा प्रदूषण कायदा, 1981 मध्येही चार महिन्यांचीच मुदत आहे, पण ती उलटली तर संमती मिळाली असे मानण्याची तरतूद कलम 21 मध्ये नाही. बॉयलर, भट्टी किंवा मोठा जनरेटर असलेल्या कारखान्याला दोन्ही संमती लागतात. एकीच्या भरवशावर यंत्र सुरू केले आणि दुसरीसाठी नोटीस आली, असे घडू शकते.

बांधकामाचेही तसेच. महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियमाच्या कलम 45(5) खाली 60 दिवसांत उत्तर नाही तर परवानगी मानीव, पण नकाशा नियमावलीत तंतोतंत बसत असेल तरच. नियमाबाहेर एक भिंत गेली तरी ते अनधिकृत. महाबळेश्वर–पाचगणी परिसर 2001 च्या अधिसूचनेने पर्यावरणीय संवेदनशील क्षेत्र झालेला आहे. तिथे मानीव परवानगी गृहीत धरून हॉटेलचा पाया खणणे म्हणजे मोठी जोखीम.

तुमच्या परवान्याच्या कायद्यात मुदतच नसेल तर दोन राज्य कायद्यांचा आधार घ्या. पहिला 2005 चा, ज्याला सगळे ‘दप्तर दिरंगाई कायदा’ म्हणतात. त्याच्या कलम 10 प्रमाणे कोणत्याही शासकीय कर्मचाऱ्याकडे फाईल सर्वसाधारणपणे सात कामकाजाच्या दिवसांपेक्षा जास्त थांबू नये. दुसऱ्या विभागाकडे पाठवायची गरज नसेल तर 45 दिवसांत आणि पाठवावी लागत असेल तर तीन महिन्यांत निर्णय व्हावा. जाणूनबुजून केलेला उशीर शिस्तभंगाच्या कारवाईला पात्र आहे. दुसरा कायदा लोकसेवा हक्काचा, त्याकडे पुढे येऊ.

आवकचा शिक्का

उशिराचे प्रकरण उभे राहते ते पोचेवर. अर्ज नेताना दोन प्रती न्या. आवक लिपिक तुमच्या प्रतीवर गोल शिक्का मारेल, तो नीट बघा. त्यात कार्यालयाचे नाव वाचता येते का, तारीख फिरवलेली आहे की कालचीच राहिली आहे, आवक क्रमांक हाताने लिहिला आहे का आणि शेजारी आद्याक्षरी आहे का. नुसता शिक्का, क्रमांक नाही, अशी पोच कोर्टात लंगडी पडते, कारण आवक नोंदवहीत तो कागद शोधता येत नाही. शिक्का पुसट आला तर तिथल्या तिथे दुसरा मारून घ्या. ऑनलाइन अर्ज असेल तर क्रमांकाच्या पावतीबरोबर दर पंधरवड्याला स्थिती दाखवणाऱ्या पानाची तारखेसह छपाई काढून ठेवा. पोर्टलवरची स्थिती बदलते, जुनी पुन्हा दिसत नाही.

टपालाने पाठवायचे असेल तर लक्षात ठेवा की 2025 पासून रजिस्टर पोस्ट ही सेवा स्पीड पोस्टमध्ये विलीन झाली आहे. स्पीड पोस्ट करा, पोचीची सोय घ्या आणि पोचल्याची ऑनलाइन नोंद लगेच छापून घ्या.

सगळ्यात जास्त प्रकरणे कोसळतात ती त्रुटीवर. अर्ज ‘पूर्ण’ झाल्याच्या तारखेपासून मुदत मोजतात, म्हणून प्रत्येक नवी त्रुटी घड्याळ मागे नेते. आज भाडेकरार मागितला, महिन्याने अग्निशमन दाखला, मग पुन्हा सात-बारा. याला उपाय असा: पहिल्याच त्रुटीपत्राला उत्तर देताना मागितलेले कागद अनुक्रमांकाने जोडा आणि शेवटी लिहा, ‘याव्यतिरिक्त कोणतेही कागद आवश्यक असल्यास ते एकत्रित, नियमाच्या उल्लेखासह कळवावेत.’ पुढे तुकड्यातुकड्याने त्रुटी आल्या तर दिरंगाई कोणाची हे त्या पत्रावरून दिसते. तोंडी सांगितलेली त्रुटी तोंडीच भागवू नका. कागद द्या, पण आवक करून द्या.

आधी मागणी, मग कोर्ट

महादेश मागण्याआधी ज्याचे कर्तव्य आहे त्याच्याकडे स्पष्ट मागणी करावी लागते आणि ती त्याने नाकारलेली किंवा दुर्लक्षिलेली असावी लागते. सुप्रीम कोर्टाने 1974 च्या सरस्वती इंडस्ट्रियल सिंडिकेट खटल्यात हा नियम मांडला आहे. मूळ अर्ज म्हणजे ही मागणी नव्हे. वेगळे पत्र लागते आणि ते सक्षम अधिकाऱ्याच्या पदनामाने लागते. आमदार, पालकमंत्री, जिल्हाधिकारी यांना दिलेल्या निवेदनांचा गठ्ठा इथे उपयोगी पडत नाही. पत्र छोटे असावे, साधारण असे:

‘मी दि. 1 डिसेंबर रोजी परवान्यासाठी अर्ज केला असून त्याचा क्रमांक वर नमूद आहे. दि. 14 डिसेंबरच्या पत्रातील त्रुटींची पूर्तता दि. 20 डिसेंबर रोजी केली आहे, पोच सोबत जोडली आहे. त्यानंतर कोणतीही त्रुटी कळवलेली नाही. कायद्याने ठरलेली निर्णयाची मुदत संपली आहे. हे पत्र मिळाल्यापासून 15 दिवसांत अर्जावर कारणांसह लेखी निर्णय द्यावा. अन्यथा उच्च न्यायालयात दाद मागावी लागेल.’

यात संताप, आरोप, कोणाचे नाव काहीही नको. पैसे मागितले गेले असतील तर तो वेगळा गुन्हा आहे. त्यासाठी लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा 1064 हा क्रमांक आहे. पुराव्याशिवाय तो आरोप याचिकेत घातला की सगळे प्रकरण त्याच वादात अडकते.

याच दिवशी माहिती अधिकाराचा अर्जही टाका. शुल्क 10 रुपये, विषय एक, शब्द 150 च्या आत, उत्तराची मुदत 30 दिवस. मागायचे इतकेच: ‘माझ्या अर्जाच्या फाईलवरील सर्व टिपण्यांच्या प्रती आणि फाईल कोणत्या तारखेपासून कोणत्या पदाकडे आहे त्याची माहिती.’ टिपणीवर ‘मान्यतेस हरकत नाही’ असा शेरा आणि पुढे तीन महिने सही नाही, असे दिसले तर याचिकेचे निम्मे काम झाले.

लोकसेवा हक्काचे अपील सोडू नका

महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, 2015 खाली अधिसूचित सेवा ठरलेल्या दिवसांत मिळणे हा हक्क आहे. तुमचा परवाना त्या यादीत आहे का, किती दिवसांचा आहे, अपील कोणाकडे, हे ‘आपले सरकार’ पोर्टलवर आणि कार्यालयातल्या फलकावर असते. मुदत संपल्यापासून 30 दिवसांत प्रथम अपील. योग्य कारण असेल तर जास्तीत जास्त 90 दिवसांपर्यंत ते दाखल करून घेता येते. त्याचा निकाल 30 दिवसांत यायला हवा. दुसऱ्या अपिलाचा 45 दिवसांत. त्यानंतर 60 दिवसांत राज्य सेवा हक्क आयोगाकडे तिसरे अपील. कसूर करणाऱ्या पदनिर्देशित अधिकाऱ्याला 500 ते 5000 रुपये दंड होऊ शकतो. रक्कम लहान, पण ती त्याच्या स्वतःच्या खिशातून जाते, त्यामुळे प्रथम अपिलाची नोटीस गेल्यावर बऱ्याच फायली हलतात.

अपिलाचे दुसरेही कारण आहे. हायकोर्टात सरकारी वकिलाचा पहिला आक्षेप ठरलेला असतो: ‘पर्यायी उपाय असताना याचिका कशी?’ प्रथम अपील केलेले असेल आणि तेही मुदतीत निकाली निघाले नसेल, तर तो आक्षेप बोथट होतो. हंगाम अगदी दारात असेल तर सरळ याचिका करता येते. मात्र अपिलाच्या मार्गाने निर्णय येईतो पेरणी किंवा बेदाणा संपलेला असेल, हे तारखा देऊन दाखवावे लागते. महिन्याच्या पहिल्या सोमवारी जिल्हाधिकारी कार्यालयात लोकशाही दिन असतो. तिथे जरूर जा, फक्त त्यामुळे अपिलाची मुदत थांबते असे समजू नका.

याचिका

सातारा–सांगलीकरांना यासाठी आता मुंबई गाठायची गरज नाही. मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) 18 ऑगस्ट 2025 पासून सुरू झाले असून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे त्याच्या कक्षेत येतात. सांगलीहून सकाळी निघून संध्याकाळी घरी येता येते. आधी एका तारखेसाठी रात्रभराचा प्रवास आणि मुक्काम असे.

वकिलाकडे जाताना कागदांच्या ढिगाऐवजी तारखांची एकपानी यादी न्या: अर्ज, त्रुटी, पूर्तता, तपासणी, मुदत संपली, मागणीपत्र, अपील. न्यायाधीश पहिल्यांदा हीच यादी वाचतात आणि पुष्कळदा सुनावणी तिच्यावरच संपते. प्रतिवादी म्हणून महाराष्ट्र शासन आणि सक्षम अधिकारी पदनामाने. लिपिकाला किंवा मंत्र्याला प्रतिवादी करण्यात काही हशील नाही. कंपनी असेल तर संचालक मंडळाचा ठराव जोडा आणि एखाद्या संचालकालाही याचिकाकर्ता करा, कारण अनुच्छेद 19 चा हक्क नागरिकाला आहे आणि कंपनी नागरिक नाही. शासनाविरुद्धच्या दिवाणी दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 80 ची दोन महिन्यांची नोटीस लागते. अनुच्छेद 226 खालच्या या याचिकेला, म्हणजे रिट याचिकेला, ती लागत नाही.

मागणी कशी लिहायची यावर बरेच अवलंबून आहे. मुख्य मागणी अशी ठेवा: ‘प्रतिवादीने याचिकाकर्त्याच्या अर्जावर, त्याला म्हणणे मांडण्याची संधी देऊन, कायद्यानुसार व गुणवत्तेवर चार आठवड्यांत कारणांसह निर्णय घ्यावा आणि तो लेखी कळवावा.’ मानीव परवानगीची तरतूद असेल तर ‘परवानगी मिळाल्याचे जाहीर करावे’ ही मागणी वेगळी लिहा. अंतरिम आदेशाने धंदा सुरू करायची मुभा मात्र कोर्ट क्वचितच देते, कारण अंतिम निकालातच जे मिळायचे ते आधी दिल्यासारखे होते.

लपवाछपवी सगळ्यात महाग पडते. परवान्याआधीच शटर उघडले असेल, जागेवर भावकीचा दावा चालू असेल, पूर्वी एकदा अर्ज नाकारलेला असेल, तर ते याचिकेत स्वतःहून लिहा. सरकारी वकिलाने ते बाहेर काढले तर कोर्ट गुणवत्तेत न शिरता याचिका फेटाळू शकते. आणि स्वतः तीन-चार वर्षे गप्प बसून मग धावत जाऊ नका. 2008 च्या सी. जेकब खटल्यात सुप्रीम कोर्टाने सांगितले आहे की ‘निवेदनावर निर्णय घ्या’ असा आदेश मिळाला म्हणून शिळी झालेली मागणी पुन्हा ताजी होत नाही.

आदेश हातात आल्यावर

आदेशातले मुदतीचे वाक्य दोनदा वाचा. ‘आजपासून चार आठवडे’ आणि ‘आदेशाची प्रत सादर केल्यापासून चार आठवडे’ यांत फरक आहे. दुसरा प्रकार असेल आणि तुम्ही प्रत दिलीच नाही, तर मुदत सुरूच होत नाही. प्रत त्याच आठवड्यात आवक करा. सोबत मूळ अर्ज आणि सगळी कागदपत्रे पुन्हा जोडा, म्हणजे ‘फाईल सापडत नाही’ ही सबब उरत नाही. सुनावणीला बोलावले तर म्हणणे लेखीच द्या.

मुदत उलटूनही निर्णय नाही, तर आधी वकिलामार्फत एक स्मरणपत्र आणि मग न्यायालयाच्या अवमानाची याचिका. ती अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत करायची असते. अवमान कायद्याचे कलम 20 त्याबाबत कडक आहे. अधिकाऱ्याने मुदतीत निर्णय दिला पण नकार दिला, तर तो अवमान नव्हे. कोर्टाचा आदेश त्याने पाळला. नकाराला स्वतंत्र अपील आहे आणि अन्न परवान्याच्या बाबतीत ते अन्न सुरक्षा आयुक्तांकडे फक्त 15 दिवसांत करायचे असते. हे दिवस निर्णय तुमच्यावर बजावल्यापासून मोजतात, म्हणून नकाराचे पत्र ज्या पाकिटातून आले ते पाकीट टपालाच्या शिक्क्यासह फाईलला टाचून ठेवा.